मंगळवारचा वास

आल्याची चकती इतकी पातळ उतरली होती की उजेडात धरली तर तिच्यातून समोरच्या इमारतीची खिडकी दिसत होती — पिवळसर, धाग्याधाग्यांची, कडेला अजून जराशी साल चिकटलेली... दत्तारामने ती दोन बोटांत दुमडली, मोडली, नाकाशी नेली आणि श्वास आत ओढला. वर कुठेतरी जरासं चुरचुरलं. बस्स. बोटांना ओल लागत होती, डोळ्यांना रंग दिसत होता, जिभेवर ठेवली असती तर झोंबलीही असती. पण वास म्हणून काही नव्हतं. त्याने पुन्हा हुंगलं. मग चोरासारखं मागे वळून पाहिलं — शेवंती दारात तर उभी नाही ना? नव्हती.

चार वर्षं झाली. साथीच्या दुसऱ्या लाटेत तो चौदा दिवस आतल्या खोलीत पडून होता, पंधराव्या दिवशी उठून चहा प्यायला तर नुसतं गरम, गोड पाणी. डॉक्टर म्हणाले, येईल हळूहळू. आला नाही. मीठ कळायचं, आंबट कळायचं, तिखटाने जीभ भाजायची. पण या सगळ्यांच्या मागे जे उभं असतं, ज्याच्यामुळे फणस फणस असतो आणि भाकरी भाकरी, ते उठून निघून गेलेलं. त्याच वर्षी मुंबईतलं ते चायनीज हॉटेल बंद झालं, जिथे त्याने भट्टीसमोर एकतीस वर्षं काढली होती. इथे पेणकरपाड्यात शेजारीपाजारी सगळे म्हणाले, बरं झालं, दत्तारामला आता आराम. त्यानेही तसंच म्हणू दिलं. जवळच इंद्रलोक नाक्यावर चायनीजची गाडी लावणारा चंदन दोनदा घरी आला — ‘काका, तुम्ही नुसते उभे राहा’ — तेव्हा गुडघ्यांचं कारण सांगितलं. घरात बायकोने, शेवंतीने, पुढ्यात काहीही ठेवलं की ‘छान झालंय’ म्हणायचं, की झालं. सांगायचं कुणाला? आणि काय सांगायचं? मी आचारी आहे आणि मला वास येत नाही... तोंडातून एकदा बाहेर पडलं की ते खरं होणार. तोवर येईल-येईल म्हणत राहता येतं.

आणि आज सकाळी मिनल बोलली.

पाच दिवसांपूर्वी तिला विरारहून, सासरहून, घरी आणली होती. चौथा महिना लागला होता. लागला होता, आणि मग गेलं. त्याविषयी घरात कुणी काही बोलत नव्हतं. ती भिंतीकडे तोंड करून पडून राहायची. पेज, मऊ भात, वरण, सगळ्यातले दोन घास, आणि ताट परत. आज शेवंती तिची वेणी घालत होती तेव्हा भिंतीकडेच बघत ती म्हणाली, “बाबा, ते सूप कराल? डब्यातून आणायचात ते... नूडल्सवालं.”

पाच दिवसांत पोरीने मागितलेली ती पहिली गोष्ट.

“करतो की,” तो म्हणाला. दुसरं काय म्हणणार होता?

पण कुठे करणार? शेवंतीच्या गळ्यात माहेरपासूनची तुळशीची माळ. या ओट्यावर पस्तीस वर्षांत अंडंसुद्धा फुटलं नव्हतं. तो डबा आणायचा तेव्हा लहानगी मिनल गॅलरीत पेपर पसरून खायची आणि तिची वाटी बाहेरच्या नळावर धुतली जायची. शेवंतीने कधी नाक मुरडलं नाही, पण कधी जवळही आली नाही.

“मी चंदनच्या गाडीवर जाऊन करून आणतो,” त्याने चपला शोधत म्हटलं.

“इथेच करा,” शेवंती म्हणाली.

“अगं, पण —”

“तिला गरम मिळायला हवं. तिथून येईस्तोवर गार होईल.” तिने देव्हाऱ्याचा पडदा ओढला, पडद्यासमोर क्षणभर हात जोडून उभी राहिली, घरातल्या वडीलधाऱ्याला एखादी गोष्ट कानावर घालावी तशी, आणि मग ओट्यावरचं आपलं दुधाचं पातेलं उचलून आत घेऊन गेली. एवढंच. त्याला वाटलं, आपण काहीतरी फार मोठं घडताना बघितलं, आणि ते इतक्या पटकन घडलं की नीट बघायचंच राहून गेलं.

मग कोपऱ्यावरच्या चिकनवाल्याकडे. “चाचा, करी कट?” “नहीं, साबुत दो. और गला, हड्डी अलग से.” “सूप बनाओगे?” “बेटी के लिए,” तो म्हणाला, आणि ते म्हणताना त्याचा आवाज असा काही फाटला की चिकनवाल्याने वर पाहिलं आणि न मागता आणखी दोन पाय पिशवीत टाकले.

आता ओट्यावर सगळं मांडून झालं होतं. माळ्यावरून काढलेला जुना, रुंद पात्याचा सुरा — चार वर्षं फडक्यात गुंडाळलेला. त्याला भीती होती हाताची. पण सुरा मुठीत आला आणि हात निघालाच, त्याला न विचारता: गाजर तिरकं, कोबी बोटाएवढा रुंद, फरसबी तिरपी, पातीच्या कांद्याचा पांढरा भाग वेगळा, हिरवा वेगळा... तो आपल्याच हाताकडे बघत राहिला. हा कुणाचा हात? हे याला कुणी सांगून ठेवलंय? कोंबडी एका पाण्यात उकळी येईपर्यंत ठेवायची आणि ते पाणी सरळ ओतून द्यायचं. सगळी मळी, सगळं रक्त त्याच्याबरोबर जातं. मग दुसरं, गार पाणी. आलं, पातीचा पांढरा भाग. आणि मग आच इतकी कमी की ज्योत आहे की नाही ते वाकून बघावं लागावं.

लियाँग मास्तर वाकून बघायचा. आजोबाच्या काळापासून मुंबईत राहिलेला चिनी म्हातारा, सदैव बनियनवर, हिंदी बोलायचा ते डोंगरीच्या टपोऱ्यासारखं. दत्ताराम पहिल्यांदा त्याच्यासमोर उभा राहिला तेव्हा सव्वीस वर्षांचा, लग्नाला तीन महिने झालेले, चिपळूणकडच्या गावात मटणाचा लालभडक रस्सा हीच ताकद समजून वाढलेला. मास्तरने वाटीत सूप ओतून दिलं. वाटीचा तळ दिसत होता. दत्तारामला वाटलं, नव्या माणसाची मस्करी चाललीय, पाणी दिलंय. आणि त्याने तोंडाला लावलं... त्या पाण्यात अख्खी कोंबडी होती. नुसती कोंबडी नाही — तिचं अंगण, पावसाळ्यातली ओली माती, आईने तापात डोक्यावर ठेवलेला हात, सगळं होतं, आणि दिसत काहीच नव्हतं! असं कसं असू शकतं? दिसत नाही आणि आहे. त्याने वाटी खाली ठेवली तेव्हा त्याच्या अंगावर काटा होता, आणि मास्तर पाठ फिरवून ज्योतीकडे वाकला होता. “सूप सो रहा है, दत्तू,” तो म्हणाला. “जगाना मत.”

आताही ते झोपलं होतं. पाण्याच्या पोटातून मधूनच एक बुडबुडा उठायचा, वर यायचा, पृष्ठभागाशी थांबून मावळायचा. तेलाचे बारीक डोळे तरंगत होते. दत्ताराम फेस काढत राहिला, ऐकत राहिला. ऐकू तर येतंय. दिसतंय. हाताला वाफेचा दाट-पातळपणा कळतोय... तास झाला, दीड तास झाला. नूडल्स वेगळ्या उकळून, गार पाण्याखाली धरून, तेलाचा हात फिरवून ठेवल्या. गाजर, फरसबी, कोबी क्रमाने आत गेले. कोंबडीचं मांस बोटांनी सोडवून तंतू-तंतू केलं. सोया सॉसचे चार थेंब. मीठ.

त्याने चमचाभर तोंडात घेतलं.

मीठ बरोबर होतं. आणि मिठाच्या पलीकडे — भिंत. पांढरी, गुळगुळीत भिंत. त्याने डोळे मिटले, सूप जिभेवर फिरवलं, टाळूला लावलं, नाकातून श्वास सोडला, मास्तरने शिकवलेलं सगळं केलं... भिंत. मी काय देणार आहे तिला? गरम, खारट पाणी? तिने मागितलं ते यात आहे का? असेलही. नसेलही. दाराशी उभा राहून मी आतल्या घरात कोण आहे ते ओळखू बघतोय, आणि आत सगळी माझीच माणसं आहेत, आणि मला एकाचाही आवाज येत नाही... चमचा त्याने ओट्यावर ठेवला. पोरीला जाऊन सांगावं, नाही जमत मला. आत्ता, लगेच.

“अजून झालं नाही ते,” मागून शेवंती म्हणाली.

ती दारात उभी होती. पदर नाकाला लावलेला नव्हता.

“काय?”

“काहीतरी राहिलंय.” ती पुढे आली नाही, नुसती मान किंचित वर करून उभी राहिली. “आल्याचा आलाय. पातीच्या कांद्याचा आलाय. पण शेवटी एक यायचा, कोरडा. जुनी लाकडी पेटी उघडल्यावर येतो तसा. शिंक येईल-येईल वाटतं, पण येत नाही. तो नाहीये यात.”

दत्ताराम तिच्याकडे बघत राहिला. पांढरी मिरी. हजारो वाट्यांवर शेवटी चिमूट-चिमूट टाकलेली पांढरी मिरी, आणि आज तो साफ विसरला होता. पण हिला... जिने आयुष्यात या सुपाचा थेंब तोंडात घेतला नाही, हिला?

“तुला कसं माहीत?”

“तुमचे शर्ट कोण धुवायचं?” ती म्हणाली, आणि जरा थांबली, कारण त्याचा चेहरा तिला दिसला असावा. मग भिंतीला टेकून, पदराचं टोक बोटाला गुंडाळत, एरवी बोलत नाही इतकं बोलली. “सकाळी बादलीत भिजवायचे ना मी. सोमवारच्या शर्टाला तळणीचा वास. गुरुवारी मासळी. शनिवार-रविवारचा नुसता कालवा, आंबट, लाल, करपलेलं तेल... साबण दोनदा लावावा लागायचा. मंगळवारचा मात्र वेगळा. स्वच्छ. तुम्ही म्हणायचात ना, मंगळवारी गिऱ्हाईक कमी, त्या दिवशी दिवसभर सूपच चढवलेलं असतं. तर तो.” ती खाली बघून म्हणाली, “मला आवडायचा तो. माळ घालून खोटं कशाला बोलू? मंगळवारचा शर्ट मी सगळ्यात शेवटी बुडवायची.”

पातेल्यातून एक बुडबुडा वर आला.

त्याने सुऱ्याच्या फडक्यात ठेवलेली लहान बाटली शोधली, मिरी खलबत्त्यात फोडली, चिमूट घेऊन पातेल्यावर धरली. आणि मग, कसा कोण जाणे, चिमूट सोडण्याआधी म्हणाला, “मला वास येत नाही गं.”

“माहितीये.”

“कधीपासून?”

“दूध करपून खोलीभर धूर झाला होता, आणि तुम्ही ओट्याला पाठ लावून पेपर वाचत होतात. चार वर्षं झाली. तेव्हापासून बाहेर जाताना गॅस मीच बंद करून जाते.”

“बोलली नाहीस?”

“तुम्ही बोलला नाहीत,” ती म्हणाली. “टाका आता.”

त्याने टाकली.

“अजून,” ती म्हणाली. त्याने टाकली. “अजून थोडी... थांबा. बस.” तिने डोळे मिटले. तिच्या चेहऱ्यावर काहीतरी आलं आणि पसरलं. दत्तारामने ते इतक्या जवळून कधी पाहिलं नव्हतं, की पाहिलं असून कळलं नव्हतं? “हां,” ती हळूच म्हणाली. “हा.”

मिनल उशीला टेकून बसली. शेवंतीने वाडगा तिच्या हातात दिला, स्वतःच्या हातांनी. वाफ तिच्या तोंडावर गेली तशी ती थबकली. एक चमचा. दुसरा. नूडल्स ओढल्याचा तो जुना आवाज. मग चमचा वाडग्यात ठेवून ती रडायला लागली, पाच दिवसांत पहिल्यांदा, तोंड वाकडं करून, लहान मूल रडतं तशी. शेवंती तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. दत्ताराम दाराच्या चौकटीला धरून उभा. खाली ठेवेल आता वाडगा, त्याला वाटलं. पण तिने बाहीने नाक पुसलं, चमचा पुन्हा उचलला, आणि रडत रडतच खात राहिली.

“बाबा, बरोबर तसंच नाहीये,” बऱ्याच वेळाने ती म्हणाली.

“काय कमी आहे?”

“कमी नाही. तेव्हा ते गार झालेलं असायचं.” आणि तिने वाडगा पुढे केला. “अजून आहे?”

तो पातेल्याकडे आला. दुपारचं ऊन ओट्यावर आलं होतं. सूप वाढून घेताना वाफ त्याच्याही तोंडावर आली, आणि त्याने सवयीने श्वास ओढला. काही नाही. भिंत तशीच. पण आता त्या भिंतीपलीकडे कुणीतरी आहे हे त्याला कळलं होतं... एकतीस वर्षं तो समजत होता की आपण ते स्वयंपाकघर रोज तिकडेच ठेवून येतो, आणि एकतीस वर्षं ते त्याच्या पाठीवर बसून घरी येत होतं, आणि बादलीपाशी बसलेली एक बाई रोज सकाळी ते वाचत होती. आणखी काय-काय वाचलं असेल हिने? ज्या दिवशी लियाँग मास्तर गेला आणि सगळे भट्टी बंद ठेवून स्मशानात गेलो होतो, तो धुराचा शर्ट? ज्या रात्री मी दारू पिऊन आलो आणि पायरीवर बसून राहिलो, तो? मी काहीच सांगितलं नव्हतं. मला वाटलं, सांगण्यासारखं काही नाही. आणि एवढं सगळं जिथे साठलं तिथे मी कधी डोकावलोही नाही. जवळून जायचो, चहा मागायचो...

शेवंती आत आली. कोंबडी उकळलेलं पहिलं पातेलं तिने मोरीत घेतलं, नळ सोडला आणि बांगड्या वर सारून घासायला बसली. त्याला तिची पाठ दिसत होती, मानेवरची माळेची गाठ, पांढरे झालेले केस. पस्तीस वर्षं बघितलेली पाठ. त्याला तिला हाक मारायची होती. विचारायचं होतं... काय विचारायचं होतं ते त्यालाही ठाऊक नव्हतं, पण फार होतं, दिवस पुरणार नाहीत इतकं. त्याने तोंड उघडलं आणि त्याच्या लक्षात आलं की नेहमीचं ‘अगं’ जिभेवर येतच नाहीये. त्याच्या जागी भलतंच काहीतरी आलंय, पाहुण्या माणसाला, मोठ्या माणसाला म्हणतात ते. आणि वाफाळता वाडगा दोन्ही हातांत धरून, कानांपर्यंत लाजून, तो ते ‘अहो’ ओठांवर तसंच घेऊन उभा राहिला.