लाल थिगळाची गादी

मित्रांनो, ओळख नंतर करून देते, आधी हिशोब. त्या दिवशी आमच्या कॉलेजला श्रेणी द्यायला येणारी तपासणी समिती खूश होऊन गेली तर कोणाला काय मिळणार होतं ते ऐका. महादेवी मॅडमना कायमची नेमणूक. प्राचार्य रेणुकादास सरांना फाटकावरच्या फलकावर लिहायला वरची श्रेणी. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षातल्या आरतीला विद्यापीठाच्या संघात जागा, आणि पुढे खेळाडूंच्या राखीव जागांतून पोलीस भरती. मला नवी खोळ. आमच्या चौघांत आपला वाटा आधीच पदरात पडलेली मी एकटीच होते.

मी एक जुनी गादी आहे. पलंगावरची नव्हे, जिम्नॅस्टिक्सच्या हॉलमधली. मुली बीमवर कसरत करतात, म्हणजे चार-पाच बोटं रुंदीच्या, छातीइतक्या उंच पट्टीवर. शेवटी त्या हवेत कोलांटी घेऊन खाली येतात, तेव्हा खाली मी असते. बघणारे सगळे वर बघतात. मी खाली पडून राहिल्यामुळे मला माणसं टाचेवरून कळतात. कोण भीत उतरतं, कोण आईने पाठवलं म्हणून उतरतं आणि कोणाला उडी खरंच आवडते, हे टाच लपवू शकत नाही.

माझा जन्म मेरठकडच्या एका कारखान्यात झाला. पोटात फोम भरला, वरून निळं रेक्झिन चढवलं, कडेला चेन आणि उचलायला चार पट्टे. ट्रकमधून मी नांदेडला सुदर्शन सरांच्या हॉलमध्ये आले. सरांनी मला हळदकुंकू वाहिलं, पण पूजेपेक्षा त्यांचा एक नियम मोठा होता. रोज सरावाआधी एका मुलीने डोळे मिटून, अनवाणी, माझ्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालायचं. टाच जिथे जास्त आत गेली तिथे थांबून सांगायचं. सर म्हणायचे, "पोरींनो, गादीला तोंड न्हाई. तिचं ऐकायचं तर टाचेनंच ऐका."

तेव्हा हॉलमध्ये तीस-चाळीस मुली होत्या. त्यांच्या आया बाकावर बसून सरांना विचारायच्या, "सर, याचे दहावीला किती मार्क वाढतेत?" मार्क वाढायची सोय झाली की मुलगी ट्यूशनला जायची आणि तिची टाच मला परत कधी लागायची नाही. दर जूनमध्ये माझ्या ओळखीच्या दहाबारा टाचा अशा नाहीशा व्हायच्या. मी त्याला रडत बसले नाही. ज्याला जे घ्यायचं होतं ते घेऊन तो गेला.

एकच मुलगी राहिली. जळकोटच्या शिक्षकाची महादेवी. नांदेडला मावशीकडे राहून ती सरावाला यायची. ती माझ्यावर इतक्या वेळा पडली, की तिच्या पाठीचा आकार माझ्या फोमला पाठ झाला होता. पडली की उठून आधी मला थोपटायची, मग पुन्हा वर चढायची.

ती ऑलिम्पिकला गेली तेव्हा हॉलमध्ये टीव्ही लावला होता आणि साठ माणसं माझ्यावर आणि माझ्याभोवती बसून बघत होती. तीन महिन्यांपूर्वीच तिचा उजवा गुडघा दुखावला होता. सरांनी सांगितलं होतं, थांब. बाकी सगळ्यांनी सांगितलं, एवढी एक वेळ. ती बीमवरून उतरली तेव्हा माझ्यावर बसलेल्यांनी टाळ्या वाजवल्या. सुदर्शन सर एकटे वाजवत नव्हते. ते टीव्हीतल्या तिच्या गुडघ्याकडे बघत होते. नंबर आला चाळिसाच्या पुढे.

नांदेडात उघड्या जीपमधून मिरवणूक निघाली. फलकावर सात चेहरे होते, त्यातला सगळ्यात लहान चेहरा तिचा. सत्काराच्या शाली इतक्या जमल्या की मावशीच्या कपाटाचं दार लागेना. मग दोन ऑपरेशनं झाली. त्या वेळी कोणी शाल घेऊन आलं नाही. सव्विसाव्या वर्षी तिची उडी संपली.

पुढे लातूरच्या एका कॉलेजात तिला प्रशिक्षक म्हणून घेतलं, तेही तासिका तत्त्वावर. म्हणजे जेवढे तास शिकवाल तेवढ्याच तासांपुरते तुम्ही कॉलेजचे. माहितीपुस्तकाच्या पहिल्या पानावर मात्र तिचा फोटो कायमचा होता. सुदर्शन सरांचा हॉल तोवर बंद पडला होता. त्यांनी मला टेंपोत घालून तिच्याकडे पाठवलं. "नवी गादी येईस्तोवर वापर," म्हणाले. "जास्त दिवस नको. तिचा फोम बसत चाललाय."

ती दर वर्षी नव्या गादीसाठी अर्ज करायची. दर वर्षी रेणुकादास सर हसून म्हणायचे, "मॅडम, तुम्ही तर सतरंजीवर शिकवलंत तरी पोरी ऑलिम्पिकला जातील." तिला हसू यायचं नाही, पण ती हसायची. पाच वर्षं ती तशी हसली. कायमची नेमणूक हवी असणाऱ्याला असं हसावं लागतं.

इकडे माझ्या एका टोकाला, परातीएवढ्या जागेत, फोमचा भुगा झाला. वरून काही दिसायचं नाही, टाच टेकली की थेट फरशी लागायची. महादेवी मॅडमनी तिथे लाल कापडाचं थिगळ शिवलं आणि मला कायम अशी टाकायला सांगितली की थिगळ भिंतीकडे येईल. मुलींना म्हणाल्या, "लाल दिसलं की तिकडं जायचं न्हाई. खिडकीकडं उतरायचं."

मुली शिकल्या. सगळ्यात चांगली शिकली आरती. ती नायगावजवळच्या गावची, वसतिगृहात राहायची. तिची टाच मला महादेवीचीच वाटायची. हवेत कोलांटी उलगडताना ती ते लाल शोधायची आणि त्याच्यापासून लांब, खिडकीच्या बाजूला पाय टाकायची. एकदा मैत्रिणीने तिला चिडवलं, "तू वर देवाचं नाव घेतीस का गं?" आरती म्हणाली, "न्हाई बाई, थिगळाचं घेते."

मग तपासणी समितीची तारीख आली आणि पाहुण्यांपुढे आरतीने बीमवरचं प्रात्यक्षिक करायचं ठरलं. भिंती रंगल्या, कुंड्या आल्या, आणि माझ्यासाठी खोळ आली. मरून रंगाची, चकचकीत, वर सोनेरी अक्षरांत कॉलेजचं नाव. हॉलचे शिपाई गुंडप्पामामा उदगीरकडचे, निवृत्तीला आलेले. त्यांनी ती माझ्यावर चढवली आणि डोकं खाजवलं.

"सर, मॅडमला ईचारू का? त्यांचं लाल थिगळ झाकून राहिलंय."

"गुंडप्पा, समितीला काय थिगळं दाखवायचीत?"

"तसं न्हाई सर. पोरी ते बघून उतरतेत."

"अहो, पोरी जिम्नॅस्ट आहेत, आंधळ्या नाहीत." सर पाहुण्यांच्या खुर्च्यांपाशी जाऊन उभे राहिले. "इथून नाव उलटं दिसतंय. फिरवा ती गादी."

गुंडप्पामामांनी मला फिरवलं. नाव सुलटं झालं. माझा खड्डा खिडकीकडे आला.

"आणि पाहुणे येईपर्यंत नव्या खोळीवर कोणी पाय ठेवायचा नाही," सर म्हणाले. "ठसे उमटतात."

सुदर्शन सरांच्या हॉलपासून एकही दिवस न चुकलेलं टाचेचं चालणं त्या दिवशी झालं नाही. महादेवी मॅडमनी ते चुकू दिलं नसतं, पण त्या फाटकावर होत्या. साडीवर ऑलिम्पिकचा कोट घालून, हातात ओवाळणीचं ताट घेऊन उभ्या. सकाळी दारातच बोलणं झालं होतं.

"सर, प्रात्यक्षिकाआधी मला पाच मिनिटं गादी बघू द्या."

"पाच कशाला, दहा घ्या. पण आधी स्वागत. ऑलिम्पिकच्या खेळाडूनं ओवाळलेलं समितीच्या लक्षात राहतं. तुमच्या नेमणुकीच्या फाइलचं बोलणंही मी आजच काढणार आहे."

समिती सव्वा तास उशिरा आली आणि ती दहा मिनिटं त्यातच गेली.

आरती बीमपाशी आली, तिने खाली बघितलं. "मामा, थिगळ कुठाय?"

"आत हाय, बाई. पण ऐक, सरांनी..." गुंडप्पामामा एवढं बोलले आणि दारात पाहुणे आले. टाळ्या सुरू झाल्या. निवेदिकेने आरतीचं नाव पुकारलं. रेणुकादास सरांनी मामांना हाताने बाजूला केलं. आरती वर चढली. थिगळ आत आहे म्हणजे नेहमीच्याच जागी आहे, असं तिने धरलं. कोणीही तेच धरलं असतं.

महादेवी मॅडम पाहुण्यांच्या मागून आत आल्या. त्यांनी आधी मरून खोळ पाहिली. मग खोळीबाहेर लोंबणारे पट्टे पाहिले. माझा एक पट्टा तुटलेला आहे, तो कायम भिंतीकडे असायचा. तो खिडकीकडे दिसल्यावर त्यांना सगळं कळलं. आरती बीमच्या टोकाला पोचली होती, वळून श्वास घेत होती. तेवढ्या वेळात एक शब्द मावतो. थांब.

मॅडमनी तोंड उघडलं. तेवढ्यात समितीचे अध्यक्ष वळून म्हणाले, "तुम्हीच ना त्या ऑलिम्पिकच्या? या, एक फोटो होऊन जाऊ द्या." रेणुकादास सर डोळ्यांनी खुणावत होते. मॅडमनी मान कॅमेऱ्याकडे वळवली. फार नाही, एका फोटोपुरती.

आरतीने हवेत लाल शोधलं. सगळीकडे मरून होतं. तिने पाय खिडकीच्या बाजूला टाकले.

मित्रांनो, माझं काम एकच होतं. मी तिला धरलं नाही. तिची डावी टाच माझ्या पोटातून फरशीला लागली, पाय तिथेच अडकला आणि शरीर तसंच पुढे फिरलं. जो आवाज झाला तो पाहुण्यांना बीमचा वाटला. दोघांनी टाळ्याही वाजवल्या. आरती ओरडली नाही. माझ्या खोळीवर हात फिरवत हळूच म्हणाली, "थिगळ हितं कामून आलं?"

तिला दवाखान्यात नेलं. समितीला चहा दिला. अहवालात क्रीडा सुविधांना पैकीच्या पैकी गुण पडले. सोबत माझा फोटो जोडला होता.

चार दिवसांनी आरतीची आई, गोदावरी, हॉल बघायला आली. शेतातून थेट बस धरून आलेली. ती माझ्या कडेला बसली आणि जिथे लेकीचा पाय गेला तिथे तिने हाताने दाबून पाहिलं. हात कोपरापर्यंत आत गेला.

"मॅडम, पोरगी कवा पळायला लागंल?"

"काकू, चालायला लागेल."

"मी पळायचं ईचारलं."

महादेवी मॅडमचा हात आपल्या उजव्या गुडघ्याकडे गेला. काकूंनी ते पाहिलं.

"तुमचा बी गुडगा असाच गेलता म्हनं. तुमाला काय म्हनले व्हते डाक्टर?"

"सहा महिन्यांत पळाल, म्हणाले होते."

"मग? पळाल्या का?"

"न्हाई."

गोदावरीकाकूंनी खड्ड्यातून हात काढला, पदराला पुसला आणि त्या बस गाठायला निघून गेल्या. शिव्या दिल्या असत्या तर मॅडमना सोपं गेलं असतं.

दुपारी रेणुकादास सर टाइप केलेला कागद घेऊन आले. विद्यार्थिनीने प्रशिक्षकाच्या सूचना न पाळता अवघड उडी मारली, असं त्यात होतं. "सही करा, मॅडम. तुमच्यावरही येणार नाही, माझ्यावरही नाही. नेमणुकीचं पत्र तयार आहे. पोरीचं काय, पोरी पडतच असतात. तुम्ही नव्हता का पडलात?"

मॅडम माझ्यावर बसल्या, कागद उलटा केला आणि कोऱ्या बाजूला लिहू लागल्या. लिहिताना शब्द पुटपुटायची त्यांची सवय, म्हणून मला कळलं. गादी खराब आहे हे मला पाच वर्षं माहीत होतं. मी सराव बंद करायला हवा होता, मी थिगळ लावलं. त्या दिवशी गादी फिरवलेली मला उडीच्या आधी दिसली. थांब म्हणायला वेळ होता. मी फोटोकडे बघत होते.

सरांनी वाचलं. "यात माझं नाव कुठंच नाही," ते म्हणाले. त्यांचा आवाज बराच मोकळा झाला होता.

"तुमचं तुम्ही लिहा," मॅडम म्हणाल्या.

सरांनी काही लिहिलं नाही. त्या कागदावर मॅडमची तासिका बंद झाली. वर्तमानपत्रात आलं, माजी ऑलिम्पिकपटूच्या हलगर्जीपणामुळे विद्यार्थिनी जखमी. जाण्याच्या दिवशी मॅडमनी चप्पल काढली, डोळे मिटले आणि दुखऱ्या गुडघ्याने या टोकापासून त्या टोकापर्यंत माझ्यावरून चालल्या. टाच आत गेली तिथे थांबल्या. पिशवीतून सुई आणि लाल कापड काढून त्यांनी नव्या खोळीवर, सोनेरी अक्षरांच्या शेवटच्या शब्दावर थिगळ शिवलं. गुंडप्पामामा बघत उभे राहिले. दुसऱ्या दिवशी ते थिगळ उसवायचा हुकूम आला, तेव्हा मामांनी चष्मा सापडत नसल्याचं सांगितलं. चष्मा अजून सापडलेला नाही.

मी आता जिन्याखाली उभी आहे. मित्रांनो, तुमच्या शाळेत माझ्यासारखं काही असेल तर त्याची खोळ बघू नका, चेन उघडून आत बघा. आणि कोणी तुम्हाला म्हणालं, आज पाय ठेवू नका, ठसे उमटतील, तर त्या दिवशी आधी पायच ठेवून बघा.

आता शेवटचा हिशोब. कॉलेजला श्रेणी मिळाली, ती फलकावर आहे. अध्यक्षांना फोटो मिळाला. रेणुकादास सरांना सत्कार मिळाला, शालीसकट. या सगळ्याची किंमत भरली दोघींनी. महादेवी मॅडमनी आपलं नाव दिलं, आधी गुडघा दिलाच होता. आरतीने पाय दिला, भरती दिली, आणि एकोणिसावं वर्ष दिलं. खड्डा माझ्या पोटात होता. माझ्याकडून कोणी काहीच घेतलं नाही. उलट नवी खोळ अजून माझ्याच अंगावर आहे.