पॉलिशवाल्याच्या घरातली इस्त्री

मित्रांनो, मी एक जुनी इस्त्री आहे. इस्त्री म्हणजे तापट असणारच, असं तुम्ही धरून चालला असाल. पण आत्ता माझा प्लग काढलेला आहे, बूड गार आहे, आणि तरीही माझं डोकं तापलेलं आहे.

कारखान्यातून मी बाहेर पडले ती जाड लोखंडी बूड आणि लाकडी मूठ घेऊन. हल्लीच्या इस्त्र्यांसारखी मी हलकीफुलकी नाही. लाकडी सामानाला पॉलिश करणाऱ्या एका माणसाने नव्या संसारासाठी मला घेतलं. मूठ त्याच्या पसंतीस उतरली नाही, म्हणून त्याने ती घासून पुन्हा चकचकीत केली. त्याची बायको रोज त्याच्या शर्टाला इस्त्री करायची आणि रोज कुरकुरायची, "तासाभरात डाग पाडून आणणार, तरी साहेबांना कडक कॉलर हवी!" तो म्हणायचा, "गिऱ्हाईक आधी कॉलर बघतं, मग काम." माझं कौतुक मात्र दोघंही करायची.

एके दिवशी त्याच्या छातीत दुखू लागलं. "एवढं कपाट संपवतो," म्हणून तो दुकानात गेला आणि तिथेच संपला. बायको रडली नाही. आल्यागेल्यांना ते फार खटकलं. तिला त्याचा संताप आला होता, पण मेलेल्या माणसावर चिडलेल्या बाईचं काय करायचं हे कुणालाच कळत नव्हतं.

तिने मला कपाटाच्या वरच्या फळीवर टाकलं. माझ्या शेजारी एक कापडी पिशवी ठेवली. पिशवीत त्याने जाण्याच्या आदल्या दिवशी घातलेला शर्ट होता, न धुतलेला. त्याला स्पिरिटचा, पॉलिशचा आणि घामाचा वास होता. ती पिशवी उघडायची, शर्टात तोंड खुपसून उभी राहायची, आणि घाईने पुन्हा गाठ मारायची. हे फक्त मला ठाऊक होतं.

मग एक मुलगी त्या घरात भाड्याने राहायला आली आणि पॉलिशवाल्याच्या बायकोला काकू म्हणू लागली. ती घरोघरी जाऊन तपासणीसाठी रक्त काढून आणायची. तिच्या पांढऱ्या कोटासाठी मी पुन्हा खाली आले. मुलगी इस्त्री करायची, काकू कपड्यांवर पाणी शिंपडायच्या. एका संध्याकाळी मुलगी म्हणाली, "काकू, मला अजून आईचा राग येतो. आजार लपवला तिने माझ्यापासून, अगदी जाईपर्यंत."

काकूंचा हात थांबला. "मला ह्यांचा येतो," त्या म्हणाल्या. "कपाट महत्त्वाचं होतं म्हणे!"

त्या दिवशी दोघींनी आपापल्या माणसांचा यथेच्छ उद्धार केला. हसल्या काय, नाकं पुसली काय! तेव्हापासून त्या घरात कपडे नसले तरी इस्त्रीचं टेबल मांडलं जाऊ लागलं.

आणि मग नणंदबाई आल्या. वहिनीला सावरायला! त्यांनी सावरलं काय, तर कपाट. पिशवी हाती लागताच नाक मुरडलं आणि मुलीला म्हणाल्या, "हा शर्ट धुऊन इस्त्री करून ठेव. वहिनीनेच सांगितलंय."

साफ खोटं! मित्रांनो, मला हलता आलं असतं तर मी तिथेच त्यांना चटका दिला असता. मुलीने शर्ट धुतला, वाळवला आणि मला त्याच्यावरून फिरवलं. वाफेबरोबर उरलासुरला वासही गेला. माझंच गरम बूड वापरून त्यांनी तो घालवला, आणि मी काही करू शकले नाही.

काकू घरी आल्या. घडी घातलेला शर्ट त्यांनी नाकाला लावला आणि किंचाळल्या, "कुणी धुतला?"

"मी," मुलगी म्हणाली. "ताई म्हणाल्या, तुम्ही सांगितलंय."

नणंदेने कानांवर हात ठेवले. "मी? मी कशाला सांगेन? वहिनी, परक्या पोरीला डोक्यावर बसवलंस, आता भोग. आजच्या आज काढ तिला."

मुलगी बॅग काढायला वळली. काकू शर्ट उलटसुलट करत होत्या. त्यांचं बोट एका बटणावर थांबलं.

"हे तुटलं होतं. कुणी लावलं?"

"मीच. तुम्ही काकांचा शर्ट माझ्यावर सोपवलात असं वाटलं. म्हटलं, नीट करून द्यावा."

काकूंनी नणंदेकडे पाहिलं. "न सांगता हात लावला असता, तर हिला बटण लावायचं सुचलं नसतं. तुम्ही आवरा तुमचं सामान."

नणंदबाई तणतणत गेल्या. मुलीने घाबरत विचारलं, "काकू, तुम्ही रागावलात ना माझ्यावर?"

"रागावले म्हणजे? तुझं तोंड बघवत नाहीये मला!" काकू ओरडल्या आणि टेबलावर डोकं टेकून हमसून हमसून रडू लागल्या. इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच. मुलगी मागे सरकली, तसा त्यांनी तिचा हात घट्ट धरला. "जायचं नाही! ह्यांच्यावर चिडले, तर हे ऐकायला नाहीत. तू तरी समोर राहा."

मुलगी तिथेच खाली बसली.

मित्रांनो, काळजी घ्यायची तर माझ्यासारख्यांची घ्या. वायर गुंडाळून ठेवा, बूड पुसा. पण दुःखात असलेल्या माणसाचं कपाट आवरायला जाऊ नका. त्याला विचारा, आणि ते माणूस चिडलं तर निघून जाऊ नका.