समोर बसणारा

कुवाबारा गुरुजींच्या तलवारीच्या तालमीत पहिल्याच दिवशी बजावलं जायचं की सराव एकट्यानं करायचा असला तरी समोर शत्रू दिसला पाहिजे, चेहऱ्यासकट. दिसत नसेल तर घरी जाऊन मुळा चिरा. मी तीस वर्षं माझ्या मेलेल्या सासऱ्यांना समोर बसवत आले आणि मला त्याचा जराही पश्चात्ताप नाही.

गुरुजींच्या समोर कोण बसतं, हे विचारायची कुणाची छाती नव्हती. वय शहाऐंशी, गुडघे कामातून गेलेले, पण तलवार निघायची ती आवाज न करता. या वसंतात मात्र त्यांचा डावा अंगठा कापला. तलवार म्यान करताना नजर पडलेल्या शत्रूवर ठेवायची आणि म्यानाचं तोंड हातानंच शोधायचं. त्यात नवशिके कापून घेतात, गुरुजी नव्हेत. पट्टी बांधता बांधता मी रागावले, आता पुरे करा म्हटलं.

तेव्हा ते बोलले. समोर बसतो तो तेत्सुजी, धाकटा भाऊ, एकोणीस वर्षांचा. वडील घरी नसताना दोघांनी खऱ्या तलवारी काढल्या होत्या आणि गुरुजींचा हात वेळेवर थांबला नाही.

"पूर्वी पडायचा गं," ते म्हणाले. "आता पडत नाही. नुसता बघत राहतो."

"मग सोडा ना त्याला, गुरुजी."

मोठ्या शहाणपणानं सांगितलं मी. त्यानंतर लादी पुसताना मी गुरुजींच्या समोरची तेवढी जागा टाळू लागले, खरंच भीती वाटायची.

मे महिन्यात देवळात प्रात्यक्षिक होतं. गुरुजी बसले, हात मुठीवर गेला आणि तिथंच राहिला. मग त्यांनी तलवार बाजूला ठेवली, समोर वाकून नमस्कार केला आणि उठले. लोक कुजबुजले, म्हातारा विसरला. मला रडू आलं, आनंदानं.

दुसऱ्या दिवसापासून ते तालमीत येऊन नुसते बसू लागले, तलवारीला हातही न लावता. आठवड्यानं मी चहा घेऊन गेले आणि विचारलं, सुटलात ना?

"तो उठून गेला, मिसाओ. परत येतच नाही." मग म्हणाले, "पासष्ट वर्षं रोज मारला त्याला. त्या निमित्तानं रोज भेटायचा तरी."

सोडा त्याला, असं मीच सांगितलं होतं. चहा गार झाला तरी मला तिथून उठवेना.