स्वप्ननीस आणि धुतलेला अभ्रा

उजाडायच्या आत जुन्या कापडगोदामासमोर रांग लागायची आणि रांगेतल्या प्रत्येकाच्या काखेत उशीचा अभ्रा असायचा. फुलाफुलांचे, पट्ट्यापट्ट्यांचे, तेलकट डागांचे. कुणी चकार शब्द काढत नसे. उठल्यावर तोंड उघडलं की स्वप्न सांडतं, असा नियम होता. एरवी कोपराने ढोसून पुढे घुसणारी माणसं इथे निमूट उभी राहायची. माझ्या मते बुवांचा खरा चमत्कार एवढाच.

बुवा म्हणजे स्वप्ननीस. हा हुद्दा त्यांनी स्वतःच काढलेला. जमिनी नोंदवणारा असतो, जन्ममृत्यू नोंदवणारा असतो, मग स्वप्नांचं दप्तर कुणी सांभाळायचं, असं विचारून ते स्वतःच्याच छातीवर हात ठेवत. रात्रभर डोकं टेकलं की अभ्र्यात स्वप्न मुरतं म्हणे. पडद्याआड बसून ते अभ्रा नाकाशी धरत, डोळे मिटत आणि लेखणी झरझर चालवत. "मी कोण लिहिणारा? अभ्रा सांगतो, हात उतरवतो!" मग कागदाच्या कोपऱ्यात त्या माणसाला नाव नोंदवताना मिळालेल्या बिल्ल्याचा आकडा टाकून, घडी घालून तो अभ्र्याला टाचला जाई. वाटपाच्या टोपलीतून अभ्रा परत मिळाला की माणूस कागद वाचायचा आणि घळाघळा रडायचा. अगदी हेच पडलं होतं म्हणायचा.

अशाच एका कागदाने एक शहाणी बाई घरात कोंडली गेली होती. ती बाजारातल्या चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायची. सगळे तिला डॉक्टरीणबाई म्हणत. सासूबाईंचं मन मोडवेना म्हणून एकदाच गोदामात गेली, आणि कागदात निघालं की ती हातात दिवा घेऊन उंबरठा ओलांडते आहे, दिवा विझतो आणि मागे नवरा खोल विहिरीत पडतो. नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. उंच इमारतींच्या पोटातल्या अंधाऱ्या पोकळीत दिवसभर लोंबकळायचं, हे त्याचं काम. सासूबाईंनी नाव नोंदवताना ही सगळी माहिती बुवांना हौसेने पुरवली होती, पण हे तेव्हा कुणाच्या डोक्यात आलं नाही. स्वप्न पालटल्याचं अभ्रा सांगेपर्यंत हिने घराबाहेर पाऊल टाकायचं नाही, असा हुकूम झाला.

ती आधी हसली. मग तिला ती विहीर आठवायला लागली. आपल्याला हे खरंच पडलं होतं, अशी तिची खात्रीच झाली. डोळे मिटले की विहिरीचा ओला काठ दिसायचा. बुद्धी थोतांड म्हणायची आणि दाराच्या कडीला लागलेला हात आपोआप मागे यायचा. नवरा म्हणाला, बस थोडे दिवस, काय बिघडतंय? थोड्या दिवसांचे महिने झाले. दोन खोल्या, एक गॅलरी आणि समोरच्या इमारतीची भिंत. गॅलरीतून खालच्या पाट्या वाचून ती स्वतःचेच डोळे तपासायची. सासूबाई दर आठवड्याला तिचा अभ्रा नेत आणि मान हलवत परत येत. विहीर अजून तशीच.

त्यात दुकानाच्या मालकिणीचा निरोप आला. महिनाअखेर आली नाहीस तर तुझ्या खुर्चीवर दुसरीला बसवावं लागेल, माझाही नाइलाज आहे. त्या दिवशी ती गॅलरीत उभी राहून रडली.

सासूबाई वाईट नव्हत्या हो. त्यांचे यजमान उभ्या उभ्या गेले होते, शेवटचं बोलणंही झालं नव्हतं. एका सकाळी त्या गोदामातून आल्या त्या डोळे पुसतच. कागदात यजमान आले होते. आरामखुर्चीत बसून माझ्या चपला कुठे आहेत, असं विचारत होते. सासूबाईंना चपलांचा रंगसुद्धा आठवत होता.

दुपारी सून धुणं भिजवायला गेली, तर बादलीत सासूबाईंचा मळका अभ्रा. ती बघतच राहिली. सकाळच्या घाईत तिने उशीवरचा काढून बादलीत टाकला होता आणि दोरीवरचा धुतलेला त्यांच्या हातात दिला होता. त्याच्यावर कुणी डोकं टेकलंच नव्हतं. मग त्यातून यजमान आले कुठून?

दुकानात नवीन पोरगी शिकायला आली की ती तिला पहिलं हेच बजावायची: तक्त्यावरचं अक्षर कोणतं ते पेशंटला आधी सांगायचं नाही. एकदा 'हा ग आहे ना?' म्हटलं की त्याला ग दिसणारच, आणि तो शपथेवर सांगेल की आधीपासून दिसत होता. बुवा नेमकं तेच करत होते. माणसाच्या आधी अक्षर सांगत होते.

हे कळलं म्हणून पाय मोकळे झाले असं मात्र नाही. ती कडीला हात लावून उभी राहिली आणि विहीर पुन्हा दिसली. तेवढ्यात दारामागच्या खुंटीकडे लक्ष गेलं. नवऱ्याचा सुरक्षेचा पट्टा तिथे लटकत होता. त्याच्यावर धूळ बसली होती.

तिने सासूबाईंना विचारलं, हे पट्टा नेत नाहीत? त्या सहज म्हणाल्या, "काचतो म्हणतो तो. शिवाय तू घरात आहेस ना, मग त्याला काय होतंय?"

आपण इथे कोंडून घेतलं आणि तो तिथे पट्ट्याशिवाय लोंबकळतो आहे! तिने पट्टा ओढला, कडी काढली आणि जिना उतरली. विहीर दिसत होती, पण ती थांबली नाही. नवऱ्याचं काम चालू होतं त्या इमारतीच्या दाराशी त्याला खाली बोलावून तिने भर रस्त्यात पट्टा त्याच्या कमरेला बांधला. तो बिचारा आधी घाबरला, मग ओशाळला.

दुसऱ्या सकाळी ती सासूबाईंबरोबर गोदामात हजर झाली. घरात जीव गुदमरतो, काही सेवा द्या, असं हात जोडून म्हणाली. खुद्द डॉक्टरीण शरण आलेली पाहून बुवा फुगले. इथला उंबरठा वेगळा, इथे दोष लागत नाही, असा नवा नियम त्यांनी जागच्या जागी काढला आणि वाटपाची टोपली तिच्या हातात दिली. तिने एका कोपऱ्यात जाऊन प्रत्येक कागद काढून शेजारच्याच्या अभ्र्याला टाचला आणि अभ्रे वाटून टाकले.

रडारड नेहमीसारखीच झाली. मिशाळ लोहार हुंदके देत सांगत होता की तो ओले केस विंचरत बसला होता आणि केस संपतच नव्हते. अगदी हेच पडलं होतं. त्याच्या डोक्यावर औषधालाही केस नव्हता.

"आता कोपऱ्यातला आकडा बघा," ती म्हणाली. "आणि आपापला बिल्ला बघा."

गोदामात कुजबुज सुरू झाली. लोहाराने कागद लांब धरला, जवळ धरला. शेजारची शिंपीण म्हणाली, अहो, हा तर माझा आकडा. बुवा पडदा सारून बाहेर आले. सगळ्यांची स्वप्नं आतून एकच, नद्या समुद्रात मिळतात तशी, असं काहीबाही सुरू झालं.

"मग इतके दिवस हुंगत काय होतात?" लोहाराने विचारलं, आणि लोक हसले.

तिने सगळं उलगडून सांगितलं. धुतलेल्या अभ्र्याचं सांगितलं, तक्त्यावरच्या अक्षराचं सांगितलं. स्वप्न उठल्यावर विरायला लागतं. ते कुणाला सांगायचं नाही, ही बुवांची अट. म्हणजे इथे येईपर्यंत आपल्याजवळ काही उरतच नाही. मग पाणी, बंद दार, गेलेलं माणूस, असं काहीही हातात दिलं की ते रिकाम्या जागेत जाऊन बसतं. मलाही विहीर बसली होती, ती म्हणाली. अजून दिसते.

परतताना सासूबाईंनी यजमानांचा तो कागद पुन्हा काढून पाहिला. मग म्हणाल्या, "म्हणजे हे आलेच नव्हते?"

"नाही, आई."

"पण चपला त्यांच्याच होत्या गं. तपकिरी."

"कागदात नुसत्या चपला होत्या, आई. रंग लिहिलेलाच नव्हता. तपकिरी चपला तुमच्या जवळच्या, आठवणीतल्या."

सासूबाईंनी डोळ्याला पदर लावला आणि सुनेचा हात धरला.

ती आता दुकानात तिच्या खुर्चीवर बसते. नवरा पट्टा बांधून कामाला जातो. काचतो अशी कुरकुर रोज करतो आणि रोज बांधतो. ऐका तर मंडळी, भीती वाटणं यात लाज नाही, पण ती कुणाच्या हातून लिहून आणू नका. उठल्यावर आपलं स्वप्न शेजारच्या माणसाला खुशाल सांगा, हसा, विसरा. आणि आपलं माणूस सुखरूप घरी यावं असं वाटत असेल, तर दारामागच्या खुंटीवर काय लटकतंय ते एकदा बघून घ्या.