सलूनची खुर्ची आणि गल्लीचा संशय

मी खुर्ची बोलतेय. साधीसुधी नव्हे, सलूनमधली. लोखंडी पायाची, गर्रकन फिरणारी. मालकांनी मला नवीकोरी आणली, तेव्हा गल्लीतले लोक नुसते बसून बघायलाही यायचे. गिऱ्हाईक डोळे मिटायचं आणि सासूपासून साहेबापर्यंत सगळ्यांच्या कागाळ्या सांगायचं. मालक फक्त "हं" म्हणायचे.

मग गल्लीतले बहुतेक जण ज्या कारखान्यात कामाला होते, तिथं संप झाला. संपात पुढे असलेल्यांची नावं कुणीतरी साहेबापर्यंत पोचवली. भट्टीवरच्या मिस्त्रींची नोकरी गेली. "न्हाव्यानंच चुगली केली," अशी कुजबुज सुरू झाली. शपथेवर सांगते, मालकांनी तोंडातून ब्र काढला नव्हता. पण खुर्चीचं कोण ऐकतं? गिऱ्हाईक तुटलं. मालक मला पुसायचे आणि दाराकडे बघत बसायचे. त्यातच ते गेले. मुलीनं सलूनला कुलूप घातलं आणि पुढे मला भंगारात दिलं.

तिथून एका शिल्पकार बाईनं मला उचललं. तिच्या शेडमध्ये आमच्याच गल्लीतल्या पाडलेल्या घरांच्या कड्या, नळाच्या तोट्या, शाळेची तडकलेली घंटा. ती माझा रंग खरवडायची, गल्लीत जाऊन जुन्या गोष्टी विचारायची. मला तिचा संशय यायचा. गोड बोलून माहिती काढणारी माणसं काय कमी पाहिलीत मी? गल्लीही धुसफुसायची, "हिला पाठवलंय तरी कुणी?"

शेवटी तिनं त्या वस्तू कमानीसारख्या माझ्याभोवती जोडल्या आणि मला गल्लीच्या तोंडाशी उभं केलं. लोक जमले, बसलं मात्र कुणीच नाही. मालकांची मुलगी तरातरा आली.

"बाबांचं हसं करायला मांडलीत का ही?"

"तसं वाटत असेल तर आत्ता घेऊन जा," शिल्पकार बाई म्हणाली.

तेवढ्यात म्हातारे मिस्त्री गर्दीतून पुढे आले. माझ्यात बसले आणि दाढीला बसतात तशी मान मागे टाकून त्यांनी गळा उघडा केला.

"पोरी, तुझ्या बापाचा वस्तरा या गळ्यावरून कितीदा फिरलाय. तो दगा देणार नाही, हे मला तेव्हाही ठाऊक होतं."

"मग तेव्हा का नाही आलात, काका?"

मिस्त्रींनी डोळे मिटून घेतले. मुलगी माझी पाठ घट्ट धरून उभी राहिली. मग निघून गेली; मला तिथंच ठेवून.

आता पोरं मला गरागरा फिरवतात, दमलेभागले टेकतात. कुणी कुणाच्या कानाला लागलं की मी अजून सावध होते. तुम्हीही या, बसा. फक्त कुणाविषयी काही ऐकलं असेल, तर आधी त्यालाच विचारून या.