खडकाच्या टोकावरचा दिवा

मित्रांनो, मी तळ्याकाठच्या बागेतला एक जुना दिवा. कंबरेएवढा बुटका, डोक्यावर पत्र्याची टोपी. माझ्या उजेडात मुंग्यासुद्धा रांग मोडत नसत. हे खरं मानू नका हवं तर. पुढचं मात्र मानाच.

बागेत कुठे उजेड हवा, हे आत्यांनी ठरवलं. आत्या म्हणजे इथल्या व्यवस्थापकाची आत्या. दिव्यांची आखणी करणं हेच त्यांचं काम. मला वळणावर रोवून त्या म्हणाल्या, "हा शेवटचा. पुढे अंधारच ठेवायचा. माणसं उजेडामागे जातात."

पुढे खडक होता, पाण्याने खालून पोखरलेला. तिथे कठडा दोनदा बसवला, दोन्ही वेळा तळ्याने गिळला.

कित्येक वर्षं लोक माझ्यापाशी येऊन मागे फिरले. मग भाच्याला फोटोंची हौस आली.

"आत्या, तिथला काळोख भकास दिसतो गं."

"दिसू दे की. म्हणूनच लोक लांब राहतात."

"तुझा दिवा म्हणजे दारात बसलेला म्हातारा. कुणाला पुढे जाऊच देत नाही."

"तो बसलाय म्हणून घर शाबूत आहे, बाबा."

आत्या परगावी गेल्या. त्यांची पाठ फिरली आणि त्याने मला उपटून खडकाच्या टोकावर उभं केलं. फोटो झकास आले, गर्दी वाढली. माझ्या पायाखाली मात्र पाणी हाड चघळावं तसं खडक चघळत होतं. अधूनमधून एखादा दगड सुटे. डुबुक.

परवा तिन्हीसांजेला भाच्याची धाकटी, भिंगरी, बापाचा हात सोडून धावली. "बाबा, मी दिव्याला हात लावून येते."

खडक कण्हला. मला ना हात, ना तोंड. येत होतं तेवढंच केलं. मी विझलो.

ती जागीच थांबली. "बाबा, दिवा गेला," म्हणत मुसमुसत मागे फिरली. माझ्याशेजारचा, ती पाय ठेवणार होती तो हातभर खडक निखळला. डुबुक.

"मासा असेल," बाप म्हणाला.

काल वायरमनने मला उघडलं. "साहेब, बल्ब तर चांगला आहे."

"मग विझला कसा?"

"वय झालं. नवा लावू, लांबून दिसेल असा."

"लावा. आज संध्याकाळी सहली येतायत."

मी आता कोठीत आडवा पडलोय. माझ्या जागी तो तरणा उभा आहे. त्याला नुसतं लागणं ठाऊक आहे, विझणं नाही. मित्रांनो, दिव्यांच्या काचा पुसा, त्यांना दगड मारू नका, हे तर आहेच. पण दिवा दिसला म्हणून तिथे वाट असेलच, असं धरून चालू नका. आणि आत्या कुठे भेटल्या, तर म्हणावं लगेच या.

बाहेर बसगाड्या थांबल्याचा आवाज येतोय.