चौथा कोपरा

तीर्थपुरीजवळच्या वस्तीवर गोजरबाईच्या घराला पत्रे होते आणि पत्र्यांवर धोंडे. सगळ्या वस्तीचं तसंच. पत्रा उडू नये म्हणून धोंडा ठेवायचा, यात शंका घ्यायचं कुणाच्या मनात आलं नव्हतं. पण जावई मच्छिंद्र आंध्रात समुद्राकाठी, वादळानं झोपलेली घरं उभी करायला मजुरीवर गेला होता. तो बाळंतिणीला भेटायला सासुरवाडीला आला आणि दुसऱ्याच दिवशी ते धोंडे उतरवायला लागला.

"वावधानाचं वारं सुटलं की हेच धोंडे डोक्यात पडतेत, मामी. वासे तारंनं बांधतो आन तार खाली पुरलेल्या धोंड्याला. धोंडा वर न्हाई, जमिनीत पाह्यजे."

ऐकायला ठीक होतं. पण त्यासाठी घरात चारही कोपऱ्यांना खड्डे, म्हटल्यावर गोजरबाई सावध झाली. बहात्तरच्या दुष्काळात तिनं आपले चांदीचे तोडे फडक्यात गुंडाळून देवळीखालच्या कोपऱ्यात पुरले होते. म्हातारपणाचा तेवढाच आधार. हे फक्त लेकीला, द्वारकेला ठाऊक. आणि नवऱ्यापुढं बायकोच्या पोटात काही राहत नाही, हे गोजरबाईला स्वतःवरून माहीत होतं.

तीन कोपरे झाले. जावई पाणी प्यायला थांबला तरी तिला वाटे, हा देवळीकडंच बघतोय. तो चौथ्या कोपऱ्याकडं वळायच्या आत तिनं तिथल्या वाशाला नातवाची झोळी बांधली.

"लेकरू निजलंय. इथं हात लावायचा न्हाई."

"एक कोपरा सुटा ठेवून कसं चालंल, मामी?"

"आमचं धोंड्यावर चालत आलंय." द्वारका मधे बोलायला गेली तर तिच्यावरच डोळे वटारले, आणि तेवढ्या कोपऱ्यावर धोंडा परत चढवायला लावला.

मच्छिंद्र गप्प बसला. तेही तिला खटकलं. मनात काही नसतं तर भांडला नसता का?

वैशाखातल्या एका दुपारी वावधान सुटलं. अंधारून आलं, पत्रे थडथडू लागले. मच्छिंद्र बाहेरून धावत आला तो थेट चौथ्या कोपऱ्याकडं. गडबडीत डाव साधतो की काय, म्हणून गोजरबाई दोन्ही हात पसरून आडवी उभी राहिली. त्यानं तिला बाजूला लोटलं आणि झोळीतून लेकरू उचललं. तोच कोपऱ्याचा पत्रा वर दुमडला आणि धोंडा झोळी फाडून खाली आदळला.

बाकीचे तीन कोपरे जागचे हलले नाहीत.

वारा पडला. मग गोजरबाईनं स्वतः कुदळ घेतली, कोपरा खणला आणि तोड्यांचं फडकं जावयापुढं ठेवलं. लाजेनं तिला वर बघवत नव्हतं.

मच्छिंद्रनं लेकरू बायकोकडं दिलं. फडकं उचलून देवळीत ठेवलं, आत काय आहे ते विचारलंसुद्धा नाही. खड्ड्यात वाकून म्हणाला, "अजून हातभर खोल पाह्यजे, मामी. आन तो धोंडा इकडं लोटा."